दुसऱ्या फळींतील कबड्डीपटू

कोणत्याहि खेळाची कीर्ति पहिल्या फळींतल्या दहापांच नांवांवर चालते. पण स्पर्धा भरतात, मैदानें आंखलीं जातात आणि गर्दी जमते ती खालच्या फळींतल्या शेंकडों खेळाडूंमुळें. वर्तमानपत्रांत त्यांचें नांव आलेंच तर जिल्ह्याच्या पानावर, तेंहि एखाद्या ओळींत. अमेरिका व कॅनडा या देशांत बर्फावरची हॉकी फार लोकप्रिय आहे. तेथें राष्ट्रीय लीगच्या खालीं १९३६ पासून चालत आलेली अमेरिकन हॉकी लीग आहे, आणि तिच्याहि खालीं आणखी पायऱ्या आहेत. या मधल्या पायरीवरचा खेळाडू हंगामांत ७२ सामने खेळतो, रात्रीच्या रात्री बसगाडींत काढतो आणि वरच्या संघाचें बोलावणें कधीं येतें याची वाट पाहतो. परंतु त्याच्या हातीं करारपत्र असतें आणि पगाराचा आंकडा ठरलेला असतो. रायगड जिल्ह्याच्या आंतल्या अंगास, महाड व पोलादपूर या तालुक्यांत, याच दर्जाचा जो कबड्डीपटू आढळतो त्याच्यापाशीं यांपैकीं कांहींच नसतें. तरीहि तो खेळतो, आणि त्या खेळाच्या आधारावर संसाराची कांहीं मांडणी करूं पाहतो. ती मांडणी कशी होते आणि कोठें फसते, हें शहरांतल्या घरीं बसून दूरदर्शन संचावर कबड्डी पाहणारांस सहसा ठाऊक नसतें.

हा खेळ महाराष्ट्रांत पिढ्यान्‌पिढ्या हुतुतू या नांवानें ओळखला जात असे आणि त्याचे नियम गांवोगांव निराळे असत. संजीवनी या प्रकारांत प्रतिपक्षाचा एक गडी बाद केला कीं आपला बाद झालेला एक गडी परत मैदानांत येई. गामिनींत बाद झालेला गडी आपला सारा संघ बाद होईपर्यंत बाहेरच बसून राही. अमर या प्रकारांत बाद होऊनहि कोणी मैदान सोडीत नसे. नुसते गुण मोजले जात. आजची कबड्डी मुख्यतः संजीवनीच्या वळणाची आहे. १९१८ च्या सुमारास महाराष्ट्रांत नियमांना एकरूपता आणण्याचा प्रयत्न झाला. १९२३ सालीं ते छापले गेले आणि त्याच वर्षीं बडोद्यास अखिल भारतीय स्पर्धा भरली. अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळानें १९३६ सालीं बर्लिन ऑलिंपिकच्या प्रसंगीं या खेळाचें प्रात्यक्षिक करून दाखविलें. १९५० मध्यें अखिल भारतीय संघटना झाली, १९५२ सालीं मद्रासला पुरुषांची आणि १९५५ सालीं कलकत्त्याला स्त्रियांची पहिली राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा झाली, आणि १९९० च्या बीजिंग आशियाई खेळांत कबड्डीला पदकाचा मान मिळाला. शंकरराव तथा बुवा साळवी यांनीं या कार्यांत आयुष्य वेंचलें. त्यांचा जन्मदिवस, १५ जुलै, महाराष्ट्रांत कबड्डी दिन म्हणून पाळला जातो.

महाडच्या डोक्यावर रायगड आहे आणि पोलादपूर तालुक्यांत उमरठ येथें तानाजी मालुसऱ्यांची समाधि आहे. त्यामुळें येथल्या व्यासपीठांवरून कबड्डीचें नातें मावळ्यांच्या गनिमी काव्याशीं जोडण्याचा मोह वक्त्यांना आवरत नाहीं. शत्रूच्या गोटांत शिरून, एक घाव घालून निसटावें, ही कल्पना दोहोंत आहे हें खरें. पण एवढ्यावरून इतिहास सिद्ध होत नाहीं. खेळाडूंना मात्र तें भाषण संपेपर्यंत थंड वाऱ्यांत उघड्या पायांनीं उभें राहावें लागतें.

खेळाची रचना थोडक्यांत अशी आहे. पुरुषांचें मैदान १३ मीटर लांब व १० मीटर रुंद असतें आणि दोन्ही बाजूंस सात सात गडी असतात. वीस वीस मिनिटांचे दोन डाव होतात. चढाई करणाऱ्यानें मध्यरेषा ओलांडून प्रतिपक्षाच्या अंगणांत जावयाचें, तोंडानें ‘कबड्डी’चा उच्चार अखंड चालू ठेवावयाचा, आणि ३० सेकंदांच्या आंत कोणास तरी स्पर्श करून परतावयाचें. मध्यरेषेपासून पावणेचार मीटरवर निदानरेषा असते. कोणास स्पर्श झाला नाहीं तरी ती ओलांडल्यावांचून परतणारा गडी बाद होतो. तिच्या पलीकडे एक मीटरवर बोनसरेषा असते; समोर निदान सहा रक्षक उभे असतांना तिच्यापलीकडे पाय टाकला कीं एक गुण मिळतो. सातहि गडी बाद झाले म्हणजे लोण चढतो आणि त्याचे दोन गुण अधिक मिळतात.

चढाई करणारा श्वास कोंडून धरतो, असा शहरी प्रेक्षकांत एक समज आहे. वस्तुतः तो श्वास सारखा सोडीत असतो. शब्द पंचाला ऐकूं येईल असा उच्चारावयाचा म्हटलें कीं हवा बाहेर पडणारच. तेव्हां दम म्हणजे एका श्वासाची काटकसर होय. ती करीत असतांनाच वांकणें, उडी घेणें, हुलकावणी देणें आणि पाय मागें फेंकून स्पर्श करणें हीं सारीं कामें करावयाचीं असतात. याउलट रक्षकाचें काम वाट पाहण्याचें असतें. कोपऱ्यांतला गडी घोट्यावर नजर ठेवून ओणवा उभा असतो, शेजारच्याचा हात धरलेला असतो, आणि चढाईचा पाय अर्धा क्षण जड पडला कीं तो घोटा धरतो. घोटा धरणें ही या खेळांतली सर्वांत कठीण विद्या. कारण वेळ चुकली तर गडी बाद होतो, आणि वेळ साधली तरी समोरच्याचा गुडघा आपल्या खांद्यावर आदळतो. प्रेक्षक टाळ्या वाजवितात ते चढाईला. जाणते लोक मात्र संघ निवडतांना आधीं दोन्ही कोपरे निवडतात.

आतां मुलूख पाहूं. महाड हें सावित्रीच्या कांठचें जुनें व्यापारी गांव. तेथून वर सह्याद्रीकडे जातां पोलादपूर लागतें आणि पुढें एक वाट आंबेनळी घाटानें महाबळेश्वरास, दुसरी कशेडी घाटानें खेडाकडे जाते. गांव म्हणजे डोंगरउतारावर विखुरलेल्या वाड्या. येथें सपाट जमीन म्हटली कीं ती भाताचें खाचर. त्यामुळें कबड्डीचा हंगाम शेतीच्या मागून चालतो. आषाढांत लावणीच्या चिखलांत मैदान नाहींसें होतें. कापणी आणि मळणी आटोपली कीं त्याच खाचरांतलीं धसकटें काढून, पाणी मारून, रोलर फिरवून अंगण तयार करितात. फक्कीच्या रेघा ओढल्या आणि चार बांबूंना दिवे टांगले कीं स्पर्धा उभी राहिली. पौषापासून होळीपर्यंत गांवोगांवच्या जत्रा, शिवजयंती, महाडच्या वीरेश्वराचा छबिना अशा निमित्तांनीं सामने चालूं राहतात आणि पहिला पाऊस पडला कीं सारें थांबतें. राष्ट्रीय पातळीवरचे सामने आतां मॅटवर होतात. पायांत बूट घालून मॅटवर वळणें आणि अनवाणी पायानें मातींत वळणें या दोन निराळ्या संवयी आहेत. परंतु एखाद्या वाडीच्या मंडळास मॅट विकत घेणें झेपत नाहीं. आंतल्या भागांतला मुलगा जिल्ह्याच्या वा राज्याच्या निवडीस जातो तेव्हां त्याची पहिली लढत प्रतिस्पर्ध्याशीं नसून पायांखालच्या त्या जमिनीशीं होते.

खेळाडूची पहिली संस्था म्हणजे वाडीचें मंडळ. वर्गणी, गणपती, गुढीपाडवा आणि कबड्डीचा संघ हीं सारीं कामें तेंच पाहतें. या ठिकाणीं एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. स्पर्श हाच या खेळाचा प्राण आहे. २० मार्च १९२७ रोजीं ज्या महाडांत चवदार तळ्याच्या पाण्याला हात लावण्याचा हक्क डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना हजारों अनुयायांसह जाऊन बजावावा लागला, त्या तालुक्यांत निरनिराळ्या वाड्यांचीं मुलें जिल्ह्याच्या संघांत एकमेकांचे हात धरून साखळी करितात, ही लहान गोष्ट नव्हे. मात्र मंडळें अजूनहि बहुधा वाडीवाडीचींच असतात, आणि कोंकणांत वाडी म्हणजे काय हें जाणत्यास सांगावें लागत नाहीं.

मंडळाच्या पुढची पायरी वय आणि वजन यांवर ठरते. किशोर गट १६ वर्षांखालील व ५५ किलोंपर्यंतचा. कुमार गट २० वर्षांखालील, मुलगे ७० किलोंपर्यंत व मुली ६५ किलोंपर्यंत. प्रौढ पुरुषांना ८५ व स्त्रियांना ७५ किलोंची मर्यादा आहे. हे आंकडे कागदावर निरुपद्रवी दिसतात. पण निवडीच्या दिवशीं कांटा ७१ दाखवितो तेव्हां वर्षभराची मेहनत एका किलोपायीं वायां जाण्याची वेळ येते. मग आदल्या रात्रीपासून उपास काढलेला आणि सकाळीं गरम कपडे घालून धांवलेला मुलगा दुपारीं मैदानांत उतरतो आणि तिसऱ्या चढाईंतच त्याचा दम तुटतो. त्यांत जिल्ह्यांतला कबड्डीचा मुख्य जोर अलिबाग, पेण, रोहा या बाजूचा. तेथें क्लब पुष्कळ, सराव बारमाही आणि स्पर्धा हांकेच्या अंतरावर. महाडाहून अलिबाग सुमारें शंभर किलोमीटर. निवड चाचणीसाठीं पहांटेची एस्‌. टी. धरून जाणारा पोलादपूरचा मुलगा मैदानावर पोहोंचतो तोंवर अलिबागचा मुलगा घरीं जेवून आलेला असतो. निवड समितीवर पक्षपाताचा आरोप दरसाल होतो; तो कितपत खरा असेल तो असो, पण हें अंतर कोणत्याहि समितीला मिटवितां येणार नाहीं.

एके काळीं या प्रश्नाला मुंबई हें उत्तर होतें. महाड-पोलादपूरच्या घरटीं एक तरी माणूस गिरणींत असे. गांवाच्या नांवानें लालबाग-परळ भागांत खोली घेतलेली असे. गांवाहून आलेला तरणा मुलगा त्या खोलींत वळकटी टाकी, दिवसा पाळी करी आणि संध्याकाळीं लालबाग, नायगांव, प्रभादेवी यांपैकीं कोठल्या तरी मैदानांत उतरे. गिरणगांवांतली कबड्डी अशा मुलांनीं पोसली. १८ जानेवारी १९८२ रोजीं गिरण्यांचा संप सुरू झाला, सुमारें अडीच लक्ष कामगार त्यांत होते, आणि त्यानंतर त्या वस्तीचें रूप पूर्ववत्‌ झालें नाहीं. खेळाडूंस आश्रय देण्याचें काम पुढें अधिकाधिक बँका, रेल्वे, पोलीस दल, बेस्ट, पोर्ट ट्रस्ट, एअर इंडिया, भारत पेट्रोलियम, महिंद्र अशा संस्थांवर आलें. यांच्या संघांत जागा मिळाली म्हणजे जन्माचें सोनें झालें असें घरचे मानीत. खेळाडू कार्यालयांत हजेरी लावी, दुपारीं सरावास जाई, आणि खेळणें संपलें तरी नोकरी उरे.

ती वाटहि आतां अरुंद झाली आहे. देना बँक १ एप्रिल २०१९ रोजीं बँक ऑफ बडोदांत विलीन झाली. एअर इंडिया जानेवारी २०२२ मध्यें सरकारच्या हातून टाटा समूहाकडे गेली. अनेक ठिकाणीं कायम नोकरीऐवजीं ठराविक मुदतीची शिष्यवृत्ति देण्याची पद्धत पडली. वयाच्या अठराव्या वर्षीं ती शिष्यवृत्ति मोठी वाटते. चोविसाव्या वर्षीं ती संपते, आणि तोंपर्यंत शिक्षण अर्धवट राहिलेलें असतें.

राहतां राहिलें सरकारी नोकरीचें दार. महाराष्ट्र शासनाच्या सेवेंत गुणवंत खेळाडूंसाठीं पांच टक्के जागा राखीव आहेत. २००५ सालीं व पुन्हां २०१६ सालीं यासंबंधीं शासननिर्णय झाले. पद जितकें वरचें तितकी स्पर्धाहि वरची असावी लागते. त्यामुळें आंतल्या तालुक्यांतल्या घरांत मुलाच्या खेळाचा हिशेब चषकांवर होत नाहीं, प्रमाणपत्रांवर होतो. पत्र्याच्या पेटींत, प्लॅस्टिकच्या पिशवींत, जमिनीच्या सातबाराच्या उताऱ्याशेजारीं तीं ठेवलेलीं असतात. जिल्हा संघांत बारा जण जातात, पण मैदानांत सातच उतरतात. राज्य अजिंक्यपद स्पर्धेंत उपान्त्यपूर्व फेरींत एका गुणानें हरलेला संघ रित्या हातानें परततो, आणि तो एक गुण एखाद्याच्या आयुष्यांत पोलीस शिपाई आणि कंत्राटी मजूर यांमधलें अंतर ठरूं शकतो. बनावट प्रमाणपत्रांचीं प्रकरणें उघडकीस आल्यापासून पडताळणी कडक झाली, हें योग्यच झालें. पण त्या पडताळणीचे खेटे खऱ्या खेळाडूलाहि घालावे लागतात.

२६ जुलै २०१४ रोजीं प्रो कबड्डी लीग सुरू झाली आणि सगळी भाषाच बदलली. पहिल्या लिलावांत राकेश कुमार या खेळाडूची बोली १२ लक्ष ८० हजार रुपयांची झाली, ती सर्वांत मोठी होती. २०१८ सालीं इराणच्या फजल अत्राचलीला एक कोटी रुपये मिळाले. २०२३ मध्यें पवन सेहरावतची बोली दोन कोटी साठ लक्षांवर गेली. आरंभीं संघ आठ होते, २०१७ पासून बारा झाले. महाराष्ट्राच्या नांवाचे यांत दोन संघ आहेत, मुंबईचा व पुण्याचा. मुंबईच्या संघानें २०१५ सालीं आणि पुण्याच्या संघानें मार्च २०२४ मध्यें अजिंक्यपद मिळविलें. मात्र संघाच्या नांवांत मुंबई किंवा पुणें आहे म्हणून खेळाडूहि तेथलेच असतील असें समजूं नये. लिलावांत साऱ्या देशांतले खेळाडू असतात आणि त्यांत हरियाणाचा भरणा मोठा आहे. मुंबईच्या संघाचा पहिला नामांकित कर्णधार अनूप कुमार हाहि हरियाणाचाच. महाराष्ट्रांत गुण नाहीं असें मात्र नाहीं. रिशांक देवाडिगाच्या नेतृत्वाखालीं जानेवारी २०१८ मध्यें हैदराबादला राज्याच्या संघानें दीर्घ काळानंतर राष्ट्रीय अजिंक्यपद जिंकलें.

गणित साधें आहे. बारा संघ, प्रत्येकांत वीसबावीस खेळाडू. म्हणजे सबंध भारतांतून व परदेशांतून मिळून तीनशेंच्या आंत जागा. २०२४ च्या लिलावांत सर्वांत खालच्या वर्गाची मूळ बोली ९ लक्ष रुपये होती. कंत्राटी मजुराच्या कित्येक वर्षांच्या कमाईइतकी ती रक्कम आहे, म्हणून ती दृष्टीपुढून हलत नाहीं. २०२२ पासून तरुणांसाठीं युवा कबड्डी मालिका निघाली आहे. ती मधली पायरी म्हणावी लागेल, आणि अशा पायरीची गरज होतीच. तरीहि खाचरांत खेळणारा मुलगा आणि दिव्यांच्या झगमगाटांतलें तें मैदान यांच्यामध्यें जी जागा आहे, तेथेंच बहुतेकांचें सारें आयुष्य जातें. हंगामांत शनिवार-रविवारचे सामने, एखाद्या बलाढ्य मंडळाकडून पाहुणा खेळाडू म्हणून जाणें, जाण्यायेण्याचा खर्च व वर थोडी बिदागी, उत्कृष्ट चढाईचें पांच फुटी चषकासह बक्षीस, आणि प्रेक्षकांच्या पसंतीचा ‘पब्लिक हीरो’ हा मान. घरांत चषक ठेवावयास जागा उरत नाहीं, अशी तक्रार आया करितात ती खोटी नव्हे. आठवड्याचे उरलेले पांच दिवस महाडच्या औद्योगिक वसाहतींतली पाळी, रिक्षा किंवा गवंड्याच्या हाताखालचें काम असतें. रात्रपाळी करून आलेला गडी दुपारीं चढाईला उतरतो, आणि मालकानें रजा नाकारली तर उपान्त्य सामना त्याच्यावांचून होतो.

या साऱ्यावर गुडघ्याची टांगती तलवार असते. वळतांना पाय मातींत रुतला आणि अंगावर तिघांचें वजन पडलें कीं गुडघ्यांतला बंध तुटतो. शस्त्रक्रिया झाली तरी पुन्हां मैदानावर यावयास बहुधा आठनऊ महिने लागतात, आणि एवढा काळ सक्तीच्या व्यायामाकडे लक्ष पुरवावें लागतें. मोठ्या संघाच्या खेळाडूपाशीं त्यासाठीं वैद्य, व्यायामतज्ज्ञ आणि विमा असतो. वाडीच्या गड्याला मंडळाची वर्गणी आणि एखाद्या पुढाऱ्याची चिठ्ठी यांवर भागवावें लागतें. पुष्कळ जण शस्त्रक्रिया टाळतात, पट्टी बांधून दोन हंगाम काढतात आणि मग चढाई सोडून कोपऱ्यांत उभे राहतात. कोपऱ्यांतलें काम कमी धांवण्याचें असलें तरी गुडघ्यावर बसण्याचें असतें, म्हणून तेंहि फार दिवस निभत नाहीं. तिशीच्या आंतबाहेर हा प्रवास संपतो.

मुलींचा प्रवास त्याहून आंखूड. शाळेंत त्या मुलांच्या बरोबरीनें खेळतात. किशोरी व कुमारी गटांत गांवची मान उंचावितात. महाराष्ट्राच्या अभिलाषा म्हात्रे हिला २०१५ चा अर्जुन पुरस्कार मिळाला, मुंबईच्या शिवशक्ति संघानें पिढ्या घडविल्या, हीं उदाहरणें त्यांच्यापुढें असतात. पण परगांवच्या रात्रीच्या सामन्यांना सोबत कोणी जावयाचें, हा प्रश्न पोलादपूरच्या वरच्या वाडींत अजून सुटलेला नाहीं. लग्न ठरलें कीं बहुतेकींचा खेळ थांबतो. नोकरी लागलेली असेल तरच तो पुढें चालूं राहतो. म्हणजे मुलाला नोकरी ही खेळाचें फळ, तर मुलीला ती खेळण्याची परवानगी होय.

खेळणें संपल्यावर सारेच मैदान सोडीत नाहींत. कांहीं जण राज्य संघटनेची पंच-परीक्षा देतात. नियमांचें पुस्तक पाठ करणें हें मैदानावरच्या माणसाला प्रथम जड जातें. पुढें तोच मनुष्य शिट्टी गळ्यांत अडकवून स्पर्धेस्पर्धेला हिंडतो आणि दिवसाचें मानधन घेतो. प्रशिक्षक होऊं इच्छिणाऱ्यासाठीं पतियाळाच्या राष्ट्रीय क्रीडासंस्थेची पदविका आहे. ही संस्था १९६१ सालीं सुरू झाली व १९७१ पासून तिच्या अभ्यासक्रमांत कबड्डी आली. पण त्यासाठीं महिनोन्‌महिने घरापासून दूर पंजाबांत राहावें लागतें, अभ्यास इंग्रजी-हिंदींतून करावा लागतो, आणि त्या काळांत घरचा चुला कोणी पेटता ठेवावयाचा हें आधीं ठरवावें लागतें. म्हणून बहुतेक जण पदविकेवांचूनच शिकवितात. मळणी झाली कीं खाचरांत पाणी मारतात, संध्याकाळीं पाळीवरून परत आल्यावर दोरी धरून रेघा ओढतात, आणि वाडींतल्या दहाबारा वर्षांच्या पोरांना आधीं नुसतें उभें राहावयास शिकवितात: गुडघे वांकलेले, टांचा उचललेल्या, नजर घोट्यावर. पहिले पंधरा दिवस कोणालाहि चढाई करूं देत नाहींत. पोरें कुरकुरतात, पण येतात.